कापून काढलेले सतरा फूट

“जाळून टाक म्हणाला होतास ना तेव्हा? मग आता मागायला कोणत्या तोंडानं आलास?”

“जाळा नाहीतर लपवा, असं म्हणालो होतो, मामी. तुम्ही लपवलीत.”

“तुम्ही कोणाला म्हणतोस? मी काय गव्हर्नर आहे? याच अंगणात माझ्या पातेल्यात हात घालून खायचास, तेव्हा ‘तू’ होते की मी.”

अर्धा तास झाला, हे असं चाललं आहे, आणि चाललं आहे ते माझ्यावरून. मी बोलतेय ती या दोघांच्या मधल्या टेबलावरून, झाकण गंजलेल्या चहाच्या डब्यातून. मी सिनेमाची फीत. अख्खी नव्हे, सतरा फुटांचा एक तुकडा. पडद्यावर चालवलंत तर अर्ध्या मिनिटात संपेन. पण चालवलं नाही कुणी. सतरा वर्षं झाली. वर्षाला एक फूट धरा.

चढ्या आवाजात बोलतेय ती फेलिझार्दा. आफ्रिकेतल्या लॉरेन्सो मार्किश शहराच्या शामांकुलो वस्तीत लहानथोर तिला मामाना म्हणतात. बाईमाणसाला मानानं हाक मारायची ती इथली रीत. समोर खुर्चीच्या अगदी कडेला बसलाय तो जेरेमियास, तिच्या नवऱ्याच्या बहिणीचा मुलगा. त्याला मी हवी आहे. येत्या रविवारी चर्चमागच्या मैदानात चादर बांधून तो वस्तीला सिनेमा दाखवणार आहे. त्या सिनेमातून सतरा वर्षांपूर्वी त्यानंच मला कापून काढलं होतं, आणि आता त्याच जागी परत जोडायचं म्हणतो. मामी देत नाही.

माझं मत कुणी विचारत नाही. विचारतील कशाला? माझ्या कडेला आवाजाची पट्टी नाही, मी जन्माची मुकी. मला वाचता येत नाही, कुठल्या शाळेचा उंबरा मी पाहिलेला नाही. जे शिकले ते डब्यात पडल्या पडल्या, पत्र्याला कान लावून शिकले. त्यामुळे माझं बोलणं सरळ आहे. कुणाला टोचलं तर टोचू दे.

माझा जन्म कुठल्याशा थंड देशातल्या कारखान्यात झाला. आम्हा फितींना जन्मतः उजेड वर्ज्य. अंधारात बनायचं, अंधारात गुंडाळायचं, अंधारात डब्यात बसून समुद्र ओलांडायचा. चुकून उजेड लागला की जळून पांढरं व्हायचं, संपलं. मग एकदा यंत्रातून पळवतात, धुतात, आणि त्या दिवसापासून सगळं उलटं होतं. आता उजेड लागतो तो जगायला. दिव्यासमोर धरलं तर आम्ही आहोत, नाही धरलं तर नाही. आधी ज्याची भीती, नंतर त्याचीच भूक. हा आमच्या जातीचा शाप आहे आणि मी तो इतरांपेक्षा जास्त भोगला.

मला ज्या यंत्रात भरलं ते होतं सरकारी चित्रपट खात्याचं, आणि ते चालवायचे सेन्योर वालादिम. त्यांना सिनेमा काढायचा होता वस्तीतल्या रोजच्या आयुष्यावर. जसं आहे तसं दाखवायचं, असं ते सगळ्यांना सांगत. माझ्या बहिणी, म्हणजे त्याच रिळातल्या माझ्या पुढच्या-मागच्या फिती, त्यांच्या अंगावर काय काय उमटलं ते मला माहीत आहे, एकाच डब्यात होतो आम्ही. नळावर पाणी भरणाऱ्या बायकांना वालादिमसाहेबांनी तीनदा रिकामे हंडे घेऊन परत पाठवलं आणि तीनदा भरायला लावलं. कचेरीत कारकून असलेला एक मनुष्य टाय लावून सायकलवरून चालला होता, त्याला हातानं बाजूला व्हायला सांगितलं. तो त्यांच्या रोजच्या आयुष्यात बसत नव्हता. एका शिंप्याला बूट काढायला लावले. शिंपी म्हणाला, मी बूट घालूनच मशीन चालवतो, साहेब. तर म्हणाले, आज नको.

जसं आहे तसं. बरं.

जेरेमियास तेव्हा बावीस वर्षांचा. यंत्राचं तिपाई स्टँड उचलायचं, पेट्या वाहायच्या, धुऊन आलेल्या फिती ओल्या फडक्यानं पुसून गोंदानं जोडायच्या, ही त्याची कामं. यंत्राला हात लावायची परवानगी नव्हती. पण साहेब चावी कशी देतात, भिंग कसं फिरवतात, हे त्यानं बघून बघून डोक्यात भरून घेतलं होतं. शिकवलं त्यालाही कुणी नाही. त्या बाबतीत आम्ही दोघं एका माळेचे.

आता त्या घराबद्दल सांगायला हवं, त्याशिवाय हे भांडण कळणार नाही.

शामांकुलोत पक्कं घर बांधायला मनाई होती. वेत लावा, पत्रा ठोका, पण वीट नको नि सिमेंट नको. विटा-सिमेंट गोऱ्यांच्या शहरासाठी. सरकारच्या मनात आलं तर अख्खी वस्ती एका दिवसात उचलता आली पाहिजे ना. फेलिझार्दाचा नवरा ओबेद माबुंडा हा गवंडी, चांगल्या हाताचा. सकाळी डबा घेऊन गोऱ्यांच्या शहरात जायचा, दिवसभर त्यांच्या भिंती ओळंब्यात उभ्या करायचा आणि परत येऊन पत्र्यात निजायचा. जानेवारीत, म्हणजे इथल्या भर उन्हाळ्यात, पत्र्याचं घर म्हणजे तवा. माणूस भाकरीसारखा या कुशीवरून त्या कुशीवर उलटतो.

तर या ओबेदनं काय केलं, पत्रा बाहेरून तसाच ठेवला आणि आतून, पत्र्यापासून वीतभर सोडून, भिंत बांधायला घेतली. विटेची, सिमेंटची. बाहेरून घर पत्र्याचंच, गंजासकट. परत येताना जेवणाच्या डब्यात सिमेंट भरून आणायचा, रोज एक डबा. वाळू फेलिझार्दा घमेल्यातून आणायची, वर ओले कपडे पसरून. चार वर्षं चाललं होतं. वस्तीत असं करणारा तो एकटा नव्हता, आणखीही होते. पण कोण ते कुणी कुणाला सांगत नसे. शेजाऱ्याच्या पत्र्यामागे काय आहे, हे विचारायचं नाही, हा तिथला शिष्टाचार.

अडचण आवाजाची होती. थापी विटेवर ठोकली की टक्क वाजते. म्हणून ओबेद आत विटा बसवायचा तेव्हा फेलिझार्दा अंगणात उखळ घेऊन बसायची आणि शेंगदाणे कुटायची. मुसळ पडलं की थापी पडायची. तिचा हात थांबला की त्याचा थांबायचा. शेंगदाणे संपले तर रिकामं उखळ कुटायची. शेजारणी म्हणायच्या, या घरात माणसं दोन, आणि कूट लग्नाघरचं.

आणि नेमकं ते मुसळच वालादिमसाहेबांच्या कानावर पडलं. गल्लीतून जाता जाता थांबले, म्हणाले, हे पाहिजे मला, हा खरा आफ्रिकेचा ठोका. जेरेमियास साहेबाला ‘ही माझी मामी, इथं नको’ कसं सांगणार? शनिवारची दुपार होती, ओबेद घरातच होता. तो आतल्या आत गप्प झाला. फेलिझार्दानं दाराला कडी घातली, त्याच्यापुढे उखळ ओढलं आणि साहेबांनी सांगितलं तसं केलं. चपला काढल्या. गळ्यातला मिशनचा क्रॉस काढला. चारदा कुटलं. साहेब खूश झाले आणि घाम पुसत कोपऱ्यावरच्या, दीव बेटावरून आलेल्या व्यापाऱ्याच्या दुकानात थंड काहीतरी प्यायला गेले. यंत्र तिपाईवर तसंच उभं राहिलं.

आता चूक. ही चूक त्याच लोकांत होऊ शकते. त्यांच्यात बहिणीच्या मुलाला मामाच्या घरात सगळं माफ. मामाच्या पातेल्यातलं न विचारता खायचं, मामीची थट्टा करायची, मामीनं त्याला ‘माझा धाकटा नवरा’ म्हणून चिडवायचं. भाच्यानं लाजून विचारलं तर उलट मामाचा अपमान. जेरेमियास सकाळपासून उपाशी होता. साहेबांची पाठ वळल्याबरोबर त्यानं कडी काढली, आत गेला, चुलीवरच्या पातेल्यातली कसाव्याच्या पानांची भाजी बोटांनी तोंडात कोंबली आणि गालफडं फुगवून बाहेर आला. भाच्यासारखा गेला, भाच्यासारखा आला. मामाच्या घरात दार लावून घेणं हे भाच्याचं काम नव्हतं.

दार उघडं राहिलं.

फेलिझार्दाची दाराकडे पाठ होती. समोरचं कूट अजून जाड होतं, म्हणून ती कुटत राहिली. आत ओबेदला मुसळाचा आवाज आला. त्याला वाटलं, साहेब गेले. कालवलेला माल सुकत चालला होता. त्यानं थापी उचलली.

आणि जेरेमियासनं मामीकडे पाहिलं. दुपारचा उजेड तिच्या हातांवर कसा पडला होता, ते त्याला दिसलं. चपला तिनं परत घातल्या होत्या. क्रॉस परत गळ्यात होता. त्यानं तोंडातला घास गिळला, यंत्राला चावी दिली आणि डोळा लावला. आयुष्यातलं त्याचं स्वतःचं पहिलं चित्र. एकदा चावी दिली की ते यंत्र अर्धा मिनिट चालायचं, मग आपोआप थांबायचं. त्या एका चावीत जेवढं मावलं, तेवढी मी.

तो फक्त हात बघत होता. मागचं दार त्याला दिसलंच नाही. मला दिसलं. मी काय निवडते का? समोर असेल ते सगळं अंगावर घ्यायचं, हेच माझं काम.

मला धुवायला लांब पाठवलं आणि सात आठवड्यांनी पार्सल परत आलं. ते फोडायचं काम जेरेमियासचंच. साहेब यायच्या आत त्यानं आम्हाला बघायच्या यंत्रावर लावलं, मूठ फिरवत गेला, आणि माझ्यावर येऊन त्याचा हात थांबला. मामी, मामीच्या मागे दार, दारात पक्की भिंत, भिंतीशी थापी घेतलेला मामा. त्याच्या श्वासाची वाफ काचेवर आली होती. मग त्यानं कातर घेतली.

मला नावं ठेवायची नाहीत त्याला. दुसरं करण्यासारखं काही नव्हतं. माझ्या दोन बाजूंच्या बहिणी त्यानं गोंदानं एकमेकींना चिकटवल्या. तो सिनेमा अजून तसाच आहे: बाई मुसळ वर उचलते आणि दुसऱ्या क्षणी तिथं शेळी असते. साहेबांनी विचारलं, इथं उडी कशी? यंत्रात अडकून फाटली, असं यानं सांगितलं. साहेबांनी एक शिवी दिली, विषय संपला. त्या सिनेमावर मग कुणा गोड गळ्याच्या माणसानं पोर्तुगीजमध्ये काहीबाही वाचलं आणि तो लिस्बनला जाऊन लोकांना दाखवून आला. माझ्या बहिणींनी केवढाले पडदे पाहिले. मला जेरेमियासनं सदऱ्याखाली पोटाला गुंडाळलं आणि मामीकडे आणलं. जाळा नाहीतर लपवा, कुणीही पाहिलेली नाही, म्हणाला. त्याच्या पोटाची ऊब मला अजून आठवते.

त्यानंतर वीस दिवसांनी शिपाई आले.

सहा जण होते, पहारी घेऊन. शेजारच्या घरांकडे पाहिलंसुद्धा नाही. सरळ दारात, सरळ आत, सरळ भिंतीशी. पहिला घाव त्यांनी ओबेदलाच घालायला लावला. मी तेव्हा शेंगदाण्याच्या पोत्यात तळाशी होते; चार वर्षांची भिंत एका सकाळीत कशी कोसळते ते मी ऐकलं आहे. पत्रे मात्र तसेच उभे राहिले. ओबेदला जहाजात घालून साओ तोमे बेटावर कोकोच्या मळ्यात पाठवलं. दोन वर्षांनी एक कागद आला. ताप, असं त्यावर लिहिलं होतं.

जेरेमियास धावत आला होता त्या दिवशी. फेलिझार्दा ढिगाऱ्यावर बसली होती. तिनं त्याच्याकडे बघितलं नाही. तुझ्या यंत्रानं खाल्लं त्याला, म्हणाली, आणि या घरात आता तुझं पातेलं नाही. तो म्हणत राहिला की कुणी पाहिली नाही, मामी, कुणी म्हणजे कुणीच पाहिली नाही. तिनं थुंकून तोंड फिरवलं.

कागद आल्यावर ओबेदचे विधी झाले. त्यांच्यात पितरांपुढे नैवेद्य ठेवला की तो भाच्यानं झडप घालून पळवायचा असतो; बाकीच्यांनी हसत हसत त्याच्या अंगावर हाताला लागेल ते फेकायचं, आणि मेलेल्या माणसाला बरं वाटतं. त्या दिवशी नैवेद्य पळवायला कुणी नव्हतं. कोंबडी मुंग्या लागेपर्यंत तशीच पडून राहिली. गल्लीच्या तोंडाशी एक माणूस उभा होता म्हणे दिवसभर. आत बोलावलं नाही कुणी.

आता माझं दुःख ऐका. जेरेमियास खरं बोलत होता आणि ते ठाऊक असलेली या जगात एकटी मी. माझ्यावर दुसऱ्या कुणाची नजर पडलीच नव्हती. पडली असती तर मला कळलं नसतं का? सतरा वर्षं एका निरपराध माणसावर खुनाचा आळ होता, आणि साक्षीदार चहाच्या डब्यात. मुका साक्षीदार. मी गुंडाळीतल्या गुंडाळीत किती ओरडले असेन. डब्याबाहेर गेला तो फक्त आंबूस वास. म्हातारपणी आमच्या अंगाला व्हिनेगरसारखा वास यायला लागतो.

पहिली काही वर्षं ती मला बाहेर काढायची. रविवारी चर्चहून आली की खिडकीशी उभी राहून मला उजेडावर धरायची आणि ओबेदला शोधायची. माझ्यावर सहाशे ऐंशी चौकटी आहेत, म्हणजे सहाशे ऐंशी ओबेद, प्रत्येक डाळीच्या दाण्याएवढा आणि प्रत्येक जागच्या जागी उभा. तिला एवढंच माहीत होतं की तो यात आहे. तो हलतो, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं, आणि हलवायचं कसं हे सांगणाऱ्याला तिनं दारातून घालवला होता. तिच्या अंगठ्याचे तेलकट ठसे माझ्यावर आहेत. ते पुसू नका कुणी.

मग तिचे डोळे अधू झाले. एका रविवारी तिनं बराच वेळ मला वर धरलं, पुढे नेलं, मागे आणलं, आणि न बोलता डब्यात ठेवून झाकण दाबलं. त्याला नऊ वर्षं झाली.

नऊ वर्षं म्हणजे काय ते तुम्हाला नाही कळायचं. वरून पावसाळे वाजत जातात. कुणीतरी येतं, साखर मागतं, जातं. एका बाईचे पाय दिवसभर घरात फिरतात, आणि तिच्याशी बोलणारं कुणी नसलं की ती भांड्यांशी बोलते, कधी उखळाशी. माझ्याशी नाही. डब्यात मी आहे हे ती विसरली नव्हती. झाडताना दर वेळी डबा उचलायची आणि तिथंच परत ठेवायची. एकटं असणं एक वेळ सोसतं. आपण कुणाच्या तरी हाताशी आहोत आणि तो हात झाकणावरून फिरून परत जातो, ते सोसत नाही.

आता राज्य बदलतंय. गोरे लोक खोकी बांधून बंदरावर रांगा लावतायत. वालादिमसाहेबही गेले, आणि जाताना कपाटांच्या किल्ल्या जेरेमियासच्या हातात देऊन गेले. दुसरं कोण होतं द्यायला? कपाटात त्याला तो सिनेमा सापडला. त्यातली उडी सापडली. आणि सतरा वर्षांनी, केस पिकल्यावर, तो मामीच्या दारात येऊन उभा राहिला.

“वस्तीला दाखवायचं म्हणतोस,” मामी आत्ता म्हणतेय. “तेव्हा सरकारला दाखवलंस, आता वस्तीला दाखव. तुझा मामा काय जत्रेतलं माकड आहे?”

“सरकारला नाही दाखवली, मामी.”

“मग शिपायांच्या स्वप्नात आली भिंत?”

तो हळू आवाजात म्हणाला, की या सिनेमात एकही माणूस खरा नाही. सगळे सांगितल्यासारखं चालतायत, सांगितल्यासारखं हसतायत. खरा एकच, आणि तो या डब्यात आहे. लोकांनी त्याला बघावं. शामांकुलोत भिंत बांधणारा माणूस होता, हे पोरांना कळावं.

मामी म्हणाली, लोकांना काय कळायचं ते कळलेलं आहे. तुला काय कळवायचंय ते कळव आणि चालता हो.

मग जेरेमियासनं पिशवीतून एक लहानसं खोकं काढलं. त्याला मूठ होती, पुढे काडेपेटीएवढी काच, आत बॅटरीचा दिवा. मामीनं चष्मा वर केला. हे काय, म्हणून विचारलं नाही. बाहेर कुणाचा तरी रेडिओ चालू होता.

“त्यात तो हलेल?” तिनं विचारलं.

“हलेल.”

तिनं डबा त्याच्याकडे सरकवला. दिला नाही, सरकवला. झाकण गंजानं धरलं होतं, त्यानं नखानं काढलं. मी आखडले होते, कडेला वाकले होते. त्यानं मला दोन बोटांनी असं धरलं जसं आजारी माणसाला उठवून बसवतात. दात्यांवर बसवलं. दिवा लावला.

उजेडाबद्दल मी काही सांगणार नाही. ते माझं मला राहू दे.

मूठ फिरली. काडेपेटीएवढ्या काचेत फेलिझार्दाचे तरुण हात वर गेले आणि खाली आले. तिच्या मागे, दारात, थापी वर गेली आणि खाली आली. मुसळ, थापी. मुसळ, थापी. मामीनं नाक काचेला लावलं होतं. मुसळ मध्येच थांबलं, तिनं कपाळावरचा घाम पुसला. मागे थापी हवेतच थांबली. हात परत चालू झाला, थापी चालू झाली. आणि अगदी शेवटी, चावी संपायच्या आधी, ओबेदनं थापी खाली ठेवली, बांधून झालेल्या भिंतीला गाल लावला आणि डोळे मिटले. गार लागत असणार. तेवढ्यात मी संपले.

जेरेमियासनं मूठ उलटी फिरवली आणि पुन्हा लावलं. मग पुन्हा. तिसऱ्या वेळी मामीनं त्याच्या हातावर हात ठेवून, ओबेदचा गाल भिंतीला होता तिथंच मूठ थांबवली.

“मला फीत नको,” जेरेमियास म्हणाला. “तुझ्याकडेच ठेव. फक्त एकदा म्हण, मामी, की मी नव्हतो. मी चाळिशीला आलो. मला मामाच्या नैवेद्याला हात लावता आला नाही. एकदा म्हण.”

मामीचा हात मुठीवरच आहे. दिव्याची बॅटरी उतरत चालली आहे, ओबेद पिवळा पडतोय. तोवर मला माझं सांगून घेऊ दे, कारण यानंतर काय होईल ते माझ्या हातात नाही, कधीच नव्हतं. मी रविवारी चादरीवर जाईन, घरापेक्षा मोठी होईन, किंवा परत या डब्यात बसेन आणि एक दिवस चुरा होईन. दोन्हीला माझी तयारी आहे. पण तुमच्या घरी, कचेरीत, कुठल्या कपाटाच्या तळाशी माझ्यासारखं काही कापून ठेवलेलं असेल, तर कुणाचं वाकडं होईल या भीतीनं ठेवलेलं असो की प्रेमानं, त्याला एकदा उजेडावर धरा. पूर्ण चालवा, शेवटपर्यंत. आमचं खरं काय ते बहुतेक शेवटच्या दोन फुटांतच असतं. आणि ज्याच्यावर आळ घेतलात तो माणूस जिवंत आहे तोवर धरा. बाकी मला कुणाकडून काही नको. मी मागणाऱ्यांतली नाही.

मामीनं मूठ सोडली. काचेवरून नजर काढली नाही. भांडायला लागल्यापासून पहिल्यांदा तिचा आवाज खाली आला.

“घेऊन जा हिला, जेरेमियास,” ती म्हणाली, “शिपाई यायच्या आधी नळावर मीच बोलले होते, माझ्या घरात भर उन्हाळ्यात दुपारी झोप लागते म्हणून.”